खुली जवारी

शिकलगारांच्या तंबोऱ्यांच्या कारखान्यात एक नियम होता. जवारी काढताना कारागीर भिंतीकडे तोंड करून बसणार आणि बाकीच्यांनी त्याची पाठ बघायची. दस्तगीर शिकलगारांनी वयाच्या अकराव्या वर्षापासून आपल्या वडलांची पाठ बघितली, विसाव्या वर्षी एकदा कपाटाच्या काचेत चोरून त्यांचे हात बघितले, आणि त्या एका चोरीवर पुढं मिरजेत जवारीचे कारागीर म्हणून नाव कमावलं. मग स्वतः तेच केलं. मुलगा अल्ताफ चार वर्षं त्यांच्या पाठीमागे बसला आणि कंटाळून इंजिनियर व्हायला पुण्याला गेला. मुलगी तहसीनला तर पाठ बघायलाही कुणी बसवलं नाही. पोरीच्या जातीला कशाला कानस, असं घरात सगळ्यांचंच मत. तिनं कानशीऐवजी सोल्डरगन उचलली आणि कारखान्याच्याच पुढच्या खोलीत गेमचे बंद पडलेले कन्सोल दुरुस्त करायचं दुकान थाटलं.

जवारी म्हणजे काय, हे ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. तंबोऱ्याच्या तारा हाडाच्या ज्या पट्टीवरून जातात तिला घोडी म्हणतात. घोडीचा माथा अगदी सपाट घासला तर तार मुकाट बसते आणि आवाज मुका निघतो. तोच माथा डोळ्याला दिसणार नाही इतपत गोलसर ठेवला, तर हलणारी तार त्याला पुन्हा पुन्हा निसटती शिवत राहते आणि आवाजाला झंकार येतो. तो गोलसरपणा कानशीनं आणायचा, कानानं तपासायचा. जमलं तर जवारी खुली, फसलं तर बंद. हात जरासा हलला की महिन्याची मेहनत मातीत.

आणि दस्तगीरभाईंचे हात सहासष्टाव्या वर्षी थरथरायला लागले. डॉक्टरांनी कंपवात सांगितला, गोळ्या दिल्या. गोळ्यांनी जेवण्याखाण्यापुरता हात सावरला, पण घास तोंडात जाणं वेगळं आणि कानस घोडीवर जाणं वेगळं. त्यांनी कानशी फडक्यात गुंडाळून ठेवून दिल्या.

नशीब कुठल्या दारानं येईल सांगता येत नाही. इथं ते एका पडेल गेममधून आलं.

गेमचं नाव 'वल्हं'. व्हेल्मोर नावाच्या कंपनीनं आपल्या कासो कन्सोलबरोबर काढलेला. दोन हातांत दोन मुठी धरायच्या, पडद्यावर नदी, नदीत होडी, आणि आपण वल्हवत पलीकडे जायचं. शत्रू नाही, बंदूक नाही. पाण्याचा जोर मुठींच्या थरथरीतून हाताला जाणवायचा, एवढंच त्यातलं कौतुक. लोकांनी नाकं मुरडली आणि कंपनीही त्याला विसरून गेली. पण एक कासो तहसीनकडे दुरुस्तीला आला. मुठी चालतात का हे बघायचं होतं, तिचे दोन्ही हात तारांत गुंतलेले, म्हणून तिनं त्या अब्बांच्या हातात दिल्या. अब्बांनी अर्धा तास होडी मारली, मुठी खाली ठेवल्या, चहा बशीत ओतला आणि एक थेंब न सांडता प्याले.

"अब्बा, हात बघा तुमचा," तहसीन म्हणाली.

"कशाला? हाय की जागच्या जागी," ते म्हणाले, आणि मग त्यांचं त्यांनाच कळलं. बशी तशीच धरून ते बराच वेळ हाताकडे बघत राहिले.

तो स्थिरपणा दोन तास टिकला. दोन तासांत एक घोडी होते. पुढची पाच वर्षं घरात तोच क्रम झाला : सकाळचा नाश्ता, अर्धा तास नदी, मग भिंतीकडे तोंड आणि दोन तास जवारी.

तहसीननं हे सगळं 'भंगार मंडळा'वर लिहिलं. जुने गेम मरू द्यायचे नाहीत, या एका हट्टापायी जगभरातली माणसं या मंडळात जमली होती. कंपन्यांनी यंत्रांना लावलेली कुलपं काढायची, त्यांवर घरचे प्रोग्राम चालवायचे, गेमच्या नकला जपायच्या, मोडलेलं सांधायचं. वेड्यांचा बाजार म्हणा हवं तर, पण असल्या वेड्यांमुळेच शहाण्यांच्या पोरांना पुढं काही बघायला उरतं. तिचं लिहिलेलं वाचून कुणी आपल्या आईला नदीत उतरवलं, कुणी सासऱ्यांना. पाच वर्षांत काही हजार थरथरते हात 'वल्हं' मारू लागले. कुठल्याही डॉक्टरनं ते लिहून दिलं नव्हतं.

शरीरशास्त्र त्यात होतं ते असं. आपल्या मेंदूचा एक भाग हालचालींचा ताल धरतो, कंपवातात त्याचा ताल सुटतो. बाहेरून ठेका दिला की हातपाय पुन्हा वळणावर येतात, हे वैद्यकाला जुनंच माहीत होतं. 'वल्हं'च्या मुठी तोच ठेका तळहाताला देत होत्या, आणि त्याचा असर खेळ संपल्यावरही मागे उरत होता. का उरतो, हे मात्र कुणालाच सांगता येत नव्हतं.

जानेवारीत व्हेल्मोरनं जाहीर केलं : पहिल्या पिढीचे सगळे कासो एकतीस मार्चला बंद. कासोला दर सात दिवसांनी कंपनीच्या सर्व्हरकडे हजेरी लावावी लागे, आणि हजेरी चुकली की पडद्यावर राखाडी कुलूप येई. यंत्र तुमचं, वीज तुमची, घर तुमचं, पण चालवायची परवानगी दर आठवड्याला त्यांची. आता हजेरी घेणारा सर्व्हरच उठणार होता. त्याच पत्रकात खाली बारीक अक्षरांत आणखी एक ओळ होती : थरथरत्या हातांसाठी 'स्थिरकर' ही नवी सेवा, निवडक रुग्णालयांत, लवकरच. कुंपणानं शेत खाल्लं होतं, आणि वर आता पीक विकायला काढलं होतं.

तहसीनला याचा दुहेरी चटका बसला. कारण अल्ताफ व्हेल्मोरच्याच पुण्यातल्या ऑफिसात, मुठींच्याच विभागात होता. अब्बांच्या हातांची गोष्ट कंपनीत पहिल्यांदा त्यानंच सांगितली होती, आणि तीही मोठ्या अभिमानानं.

ती कामाला लागली. मंडळातला तिचा जोडीदार म्हणजे वसईचा विल्यम तुस्कानो, जहाजावरचा निवृत्त रेडिओ ऑफिसर; त्याची बायकोही कंपवातामुळे रोज 'वल्हं' मारत असे. नकलेतला एक ठिपका इकडचा तिकडे झाला तर त्याला जेवण जात नसे. दोघांनी मिळून कासोचं कुलूप काढलं, 'वल्हं'ची नक्कल उतरवली आणि हजेरीशिवाय चालेल अशी सांधली. फेब्रुवारीच्या अखेरीला विल्यमचा फोन आला.

"जुळलं तहसीन! एकन्‌एक आकडा जागेवर आहे. आता त्यांचा सर्व्हर खाडीत बुडू दे."

तिनं मोकळ्या केलेल्या कासोच्या मुठी अब्बांना दिल्या. नदी तीच, होडी तीच. अब्बांनी अर्धा तास वल्हवलं आणि हात पुढे केला. हात थरथरत होता.

"अजून थोडं मारा की अब्बा."

"कितीबी मार. ह्ये पाणी न्हाई गं, डांबरी रस्ता हाय." त्यांनी मुठी टेबलावर ठेवल्या. "याची जवारी बंद हाय."

तहसीनला राग आला. महिनाभर डोळे फोडून केलेल्या कामाला बापानं एका वाक्यात निकालात काढलं होतं. "सगळं बरोबर आहे अब्बा, आम्ही तीनदा तपासलंय."

"बरोबर हाय म्हणूनच म्हणालोय," ते म्हणाले आणि उठून आत गेले.

हे वाक्य तिच्या डोक्यातून जाईना. तिनं जुनी मूठ उघडून तिचे ठोके यंत्रावर मोजले, मग नवीचे मोजले. नवीचे ठोके रेघेत आखल्यासारखे होते. जुनीचे मात्र हेलकावत होते, एक ठोका सेकंदाचे तीन-चार सहस्रांश आधी, पुढचा तेवढाच उशिरा, कधी सलग पाच-सहा हळूहळू मागे सरकत गेलेले. तिला एकदम आठवलं. हा हेलकावा तिनं फेब्रुवारीत बघितला होता. मुठीत घातलेल्या स्वस्तातल्या घड्याळाचा दोष आहे असं समजून, मंडळात सगळ्यांची शाबासकी घेत, तिनंच तो काढून टाकला होता. शिकलगाराच्या पोरीनं घोडी सपाट घासली होती! कपाळावर हात मारून घ्यायचंच तेवढं बाकी राहिलं.

मग तिनं आठवडाभर वाचन केलं, आणि इतकी वर्षं न सुटलेला प्रश्न सुटला. थकलेल्या नसांपर्यंत पोचणारा ठोका क्षीण असतो, उंबऱ्यापाशी येऊन अडतो. त्यात थोडी अनियमित थरथर मिसळली तर ती त्याला उंबऱ्यावरून आत ढकलते. फार मिसळली तर ठोकाच हरवतो, मुळीच नसली तर तो बाहेरच राहतो. शिवाय निरोगी माणसाची चाल काय, काळजाचे ठोके काय, घड्याळासारखे एकसारखे कधीच नसतात. त्यांच्यात बारीक पुढंमागं असतं, आणि मेंदू त्या पुढंमागंपणालाच आपला म्हणून ओळखतो. कंपनीच्या एका चिक्कू कारकुनानं स्वस्तातलं घड्याळ घेतलं, आणि त्याला न कळत हजारो लोकांचं भलं झालं.

तिनं जुन्या मुठीतला हेलकावा जसाच्या तसा उचलला आणि नव्या नकलेत घातला. अब्बांनी अर्धा तास होडी मारली आणि बशीतला चहा प्याले. तहसीननं त्याच दुपारी ती नक्कल मंडळावर चढवली. अकराव्या मिनिटाला ती नाहीशी झाली.

इंटरनेटवर तेव्हा कंपन्यांचे पहारेकरी प्रोग्राम फिरत असत. आपल्या मालकीच्या चिपमधली एखादी ओळ कुठं दिसली की ते माणसाला न विचारता ती पुसून टाकत. तहसीननं नाव बदलून पाहिलं, तुकडे करून पाहिलं. दर वेळी दहा-बारा मिनिटं. पाठोपाठ व्हेल्मोरच्या वकिलांची नोटीस आली : मुठीतली कंपनं ही कंपनीची गुप्त मालमत्ता आहे, ती वापरणं थांबवा, नाहीतर दुकानासकट कोर्टात भेटू. दुकान वाचवायला तिनं घरच्या नकलेतूनही तो हेलकावा काढून टाकला, म्हणजे अब्बांना पुन्हा जुन्या कासोचाच आधार उरला. आणि नोटिशीपाठोपाठ, एकतीस मार्चच्या रविवारी, अल्ताफ आला.

त्या दिवशी दुपारी बाराला तहसीननं अब्बांच्या जुन्या कासोची शेवटची हजेरी लावली होती. पुढच्या रविवारी दुपारी बारापर्यंतची मुदत मिळाली. अल्ताफ कारखान्यात खुंट्यांच्या ढिगाशेजारी बसला. घरात दखनी आणि कारखान्यात मराठी, अशी शिकलगारांची जुनी रीत होती, आणि कामाचं बोलणं कारखान्यातच व्हायचं.

"आपा, मी भांडायला आलो नाही," तो म्हणाला. "त्यांनी कागद दिलाय. तू मंडळावरचं काम थांबवायचं, नकला त्यांच्या हवाली करायच्या. बदल्यात अब्बांना स्थिरकर जन्मभर मिळणार. घरी आणून बसवून देणार."

"आणि बाकीच्यांना?"

"बाकीच्यांनी हॉस्पिटलात जावं."

"कुठल्या हॉस्पिटलात? तुझ्या त्या निवडक? विल्यमच्या बायकोला वसईहून कुठं न्यावं त्यानं?"

अल्ताफनं ढिगातली एक खुंटी उचलली. मग खाली बघत म्हणाला, "खरं सांगू का? स्थिरकर चालत नाहीये. चाचण्यांत जेमतेम दहा मिनिटं हात थांबतोय. आम्ही ठोके एकदम स्वच्छ केले, अगदी घड्याळाबरहुकूम, तरी पण नाही. जुन्या मुठीत असं काय होतं ते कुणालाच कळेना. तू त्यात काहीतरी शोधलंयस असं त्यांना वाटतंय. म्हणून हा कागद."

तहसीनला हसू आवरेना. कंपनीचा पहारेकरी ज्या ओळी पुसत सुटला होता त्यांतच औषध होतं, आणि मालकाला त्याचा पत्ता नव्हता. पण हसू लगेच मावळलं. तिच्या एका सहीनं अब्बांचे हात कायमचे थांबणार होते, भावाची नोकरी पक्की होणार होती. आणि ते गुपित कंपनीच्या तिजोरीत जाणार होतं. तिला सही करावीशी वाटली. नाही कसं म्हणणार? बाप होता तिचा.

अब्बा इतका वेळ रंधा मारत ऐकत होते. त्यांनी रंधा बाजूला ठेवला.

"म्हंजे ते भिंतीकडं तोंड करून बसणार," ते म्हणाले, "आनि हजारो लोकांनी त्यांची पाठ बघायची. असंच न्हवं?"

"तुम्ही तेच केलंत की अब्बा," अल्ताफच्या तोंडून निसटलं. "चार वर्षं बसलो होतो मी."

अब्बांचा चेहरा पडला. एवढ्या वर्षांत हे त्यांना कुणी तोंडावर सांगितलं नव्हतं, आणि ते खरं होतं म्हणून जास्त लागलं. ते उठून उगाचच एका भोपळ्यावरून हात फिरवत राहिले.

"माझ्या बापानं मला न्हाई दाखवलं," शेवटी ते म्हणाले. "म्हणून मी तुला न्हाई दाखवलं. याच्यापरीस दुसरं काय कारण न्हाई. वाईट केलं मी." मग तहसीनकडे वळले. "तुला मुठीत घालायला थरथर पायजे न्हवं? मग ती त्यांच्या दारात जाऊन कशाला मागालीस? सत्तर वर्षं या घरात दुसरं काय करालोय आपण?"

तहसीनला उमगायला क्षणभर लागला, आणि मग ती ताडकन उभी राहिली. तंबोऱ्याची तार घोडीला शिवते ती एकसारखी शिवतच नाही. कधी किंचित आधी, कधी किंचित नंतर. तो आवाज पकडला, शंभरपट संथ केला आणि त्याच्या पुढंमागंपणानं मुठीचे ठोके हलवले, तर व्हेल्मोरच्या चिपमधली एक ओळही लागणार नव्हती. पहारेकरी काय तंबोऱ्याला पकडणार?

"नोकरीवर पाणी पडेल माझ्या," अल्ताफ म्हणाला. तो चिडला नव्हता, फक्त घाबरला होता.

"तू परत जा. तुला काही माहीत नाही म्हणून सांग," तहसीन म्हणाली. तो कागद तिथंच ठेवून गेला.

वाटलं तेवढं ते सोपं नव्हतं. कारखान्यातल्या तयार तंबोऱ्यांचा आवाज तिनं सोमवारीच पकडून पाहिला. कुणाचा हेलकावा फार उथळ, कुणाचा फार अंगावर येणारा. गवयासाठी काढलेली जवारी वेगळी, हातासाठी काढायची वेगळी, आणि ती अजून कुणी काढलेलीच नव्हती. अब्बांनी नव्या घोड्या कापल्या. दिवसाला एकच होई, कारण नदी दिवसाला दोनच तास देई. मंगळवारची बंद पडली. बुधवारची खुली झाली, पण फार. अब्बा मोकळ्या केलेल्या कासोच्या मुठी हातात धरत, डोळे मिटत, आणि "न्हाई" म्हणत. गुरुवार, शुक्रवार, शनिवार, तिन्ही दिवस नाहीच. शनिवारी त्यांनी घोडी कोपऱ्यात भिरकावली आणि जेवायला आले नाहीत.

रविवारी सकाळी अल्ताफ दारात उभा. बॅग घेऊन.

"झोप लागली नाही आठवडाभर," एवढंच म्हणाला.

अब्बांनी साडेनऊला जुन्या कासोवर शेवटची होडी मारली. पैलतीर आला तेव्हा क्षणभर मुठी सोडवेनात त्यांना. मग उठले, आपला पाट घेतला, रोजच्या सवयीनं भिंतीकडे वळले आणि थांबले. पाट उचलला, भिंतीला पाठ लावली आणि पोरांकडे तोंड करून बसले. तहसीनच्या हातात फोन होता, मंडळासाठी चित्रण करायला. तो तिनं खोक्याला टेकवून ठेवला.

"बघा," अब्बा म्हणाले. "कानस अशी आडवी धरायची. दाबायची न्हाई, नुसती जाऊ द्यायची. हितनं सुरू, हितं संपली. आता तार टाक अल्ताफ. छेड. ऐकालायस? मधी चिकटालीय. कुठं, ते सांग."

"पुढच्या अंगाला?"

"शाब्बास. चार वर्षं फुकट न्हाई गेली."

अल्ताफनं मान फिरवली. डोळे पुसायला त्याला दुसरी जागा नव्हती.

तार चढव, छेड, उतरव, घास. अब्बा प्रत्येक खेप बोलून दाखवत होते. बापानं काय लपवलं, आपण काय लपवलं, कानशीचा कोन काय, थांबायचं कधी. दोन पिढ्या भिंतीनं एकटीनं बघितलेलं सगळं त्या फोनसमोर उघडं पडत होतं. अकराच्या सुमाराला झंकार उमलायला लागला. अब्बा म्हणाले, "आलं जवळ." साडेअकराला त्यांची करंगळी हलली.

सगळ्यांनी ते बघितलं. अर्धा तास नदीचा असर दोन तास पुरे, पण आठवडाभराच्या दमणुकीनं आज तो आधीच ओसरत होता. कोपऱ्यात कासोचा पडदा अजून जिवंत होता.

"पुन्हा होडी मारा अब्बा, अर्धा तास आहे हातात," अल्ताफ म्हणाला.

"मारली, तर पुढं घासायला ऊन कुठलं? हाडावरची चमक हितल्या उन्हातच दिसतीया, आनि ऊन चाललं." त्यांनी कानस उलटी करून मूठ पुढे केली. तहसीनकडे. "कानशीचे दोन हात राहिल्यात. घे."

"मी कधी..."

"म्हणूनच म्हणालोय, घे. मी बोलतो, तू कर."

तहसीननं आयुष्यात पहिल्यांदा कानस हातात घेतली. पंधरा वर्षं केसाएवढ्या तारांना डाग देऊन तिचा हात दगडासारखा स्थिर झाला होता, आणि या घरात ते कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं. "दाबू नकोस," अब्बा म्हणाले. "जाऊ दे. जाऊ दे. बास." दुसरा हात. "बास!" अल्ताफनं तार चढवली. तारेखाली सुताचा धागा सरकवायचा असतो, त्याला जिवाळी म्हणतात. ती सरकवून त्यानं तार छेडली.

आवाज निघाला तो थांबेचना. कारखान्यात टांगलेले भोपळे गुणगुणायला लागले. अब्बांनी डोळे मिटून दोन्ही हात हवेत धरले, मुठी धरल्यासारखे, आणि या वेळी "न्हाई" म्हणाले नाहीत. तहसीननं आवाज पकडला. त्या गडबडीत बारा कधी वाजले आणि कासोच्या पडद्यावर राखाडी कुलूप कधी आलं, हे कुणी बघितलंच नाही.

तिनं त्याच दुपारी तो हेलकावा नकलेत बसवला. पुन्हा होडी मारायला अब्बांच्या अंगात त्राण नव्हतं. सोमवारी सकाळी थरथरत्या हातांनी ते मोकळ्या कासोसमोर बसले, अर्धा तास वल्हवत राहिले. तहसीन समोर उभी होती. अब्बांनी मुठी ठेवल्या, चहा बशीत ओतला आणि बशी ओठांशी नेली.

बशीतला चहा हलला नाही. तहसीन ओंजळीत तोंड धरून रडली. लाज कशाची?

नक्कल मंडळावर चढली, 'खुली जवारी' या नावानं, अब्बांच्या चित्रणासकट. अकरा मिनिटं गेली. तास गेला. पहारेकरी येऊन, हुंगून निघून गेला, त्याच्या यादीत मिरजेचा तंबोरा नव्हता. संध्याकाळी विल्यमचा निरोप आला, त्यात शब्द नव्हते. फक्त त्याच्या बायकोनं स्वतःच्या हातानं केलेल्या सहीचा फोटो होता. वकिलांच्या नोटिशीला तहसीननं दोन ओळींचं उत्तर धाडलं : 'ही थरथर आमच्या घरची आहे. तुमची असेल तर आमच्यासमोर बसून काढून दाखवा.' गेमच्या नकलेसाठी ते पुन्हा आले असते, येणारही होते. तरी त्यांना घाबरून तिनं दाराला नवी कडी बसवली नाही.

अल्ताफ मंगळवारी ऑफिसात गेला. साहेबांनी विचारलं, हे कुणी केलं, तुला ठाऊक आहे का?

"आहे की," तो म्हणाला. "तार मी चढवली होती." आणि टेबलावरचा डबा बॅगेत घालून चालू लागला.

त्याच मंगळवारी मिरजेतल्या त्या गल्लीतून जाणाऱ्यांना एक नवल दिसलं. शिकलगारांच्या कारखान्याची दोन्ही दारं उघडी होती. दस्तगीरभाई रस्त्याकडे तोंड करून बसले होते, मांडीवर घोडी, शेजारी कानस हातात घेतलेली मुलगी. बघायला दारात चार माणसं घुटमळत होती, पण उंबरा ओलांडायला कुणी धजत नव्हतं. त्यांत पलीकडच्या कारखान्याचा, तीस वर्षं याच गुपितावर टपून बसलेला म्हातारा कारागीरही होता.

अब्बांनी वर बघितलं.

"लांबनं काय बघालाय?" ते म्हणाले. "या की. समोर बसा."